पालथी ठेवलेली एअरबॅग

स्टिअरिंगच्या मध्यभागी हात घालायचा तो फक्त हॉर्नसाठी, एवढंच आमच्या पिढीच्या मेकॅनिकला ठाऊक होतं. ॲम्बॅसेडर असो, प्रीमियर पद्मिनी असो की नंतर आलेली मारुती असो, हॉर्न वाजेनासा झाला की स्टिअरिंगवरची टोपी स्क्रू ड्रायव्हरच्या टोकानं उचकटायची. आत एक स्प्रिंग आणि पितळी चकती. चकतीवर काळा थर धरलेला असायचा, तो पॉलिश पेपरनं घासायचा, टोपी दाबून परत बसवायची आणि एकदा जोरात हॉर्न वाजवून गिऱ्हाइकाला ऐकवायचा. पाच मिनिटांचं काम. पुष्कळदा त्याचे कोणी पैसेही घेत नसे.

मी १९८४ ते २०११ अशी २७ वर्षं आयटीआयमध्ये मोटार मेकॅनिकचा ट्रेड शिकवला. पहिल्याच आठवड्यात मी मुलांना दोन गोष्टी सांगायचो. गाडीतून काढलेला कोणताही भाग टेबलावर फडकं अंथरून पालथा ठेवायचा, म्हणजे वरून पाना पडला तरी गिऱ्हाइकाला दिसणाऱ्या बाजूवर चरा उमटत नाही, ही एक. आणि अंदाजानं वायर बदलायची नाही, आधी टेस्ट लॅम्प लावायचा, मग बोलायचं, ही दुसरी. आमचा टेस्ट लॅम्प म्हणजे इंडिकेटरचा एक बल्ब, दोन वायरी आणि टोकाला सुई. मुलं स्वतः बनवायची. तो बल्ब पेटला की वायर शाबूत, नाही पेटला की कुठेतरी तुटली आहे. या दोन सवयींच्या जोरावर शेकडो मुलांनी आपापली पोटं भरली, असं मी अभिमानानं सांगत असे.

२००६ सालची गोष्ट. माझा एक विद्यार्थी कराडजवळ महामार्गाला लागून असलेल्या एका गॅरेजात कामाला होता. हुशार पोरगा, हात अतिशय साफ. त्याच्याकडे हॉर्न न वाजणारी एक गाडी आली. गाडी त्याच्या सवयीची नव्हती. स्टिअरिंगच्या मागच्या बाजूनं चांदणीसारख्या खाचेचे दोन बोल्ट होते, ते त्यानं काढले. हातात आला एक वजनदार गोल डबा आणि त्यातून निघालेल्या पिवळ्या वायरी. गाडीची बॅटरी त्यानं आधीच सोडवली होती, हे त्याच्या बाजूनं सांगायलाच हवं. त्याला तो डबा म्हणजे हॉर्नचाच काहीतरी नवा प्रकार वाटला. प्लगमध्ये टेस्ट लॅम्पची सुई नीट बसेना, म्हणून त्यानं प्लग कापून टाकला आणि वायरी सोलून घेतल्या. डबा फडक्यावर पालथा ठेवला. टेबलावर तपासणीसाठी एक बॅटरी कायम असायचीच. एक वायर तिच्या निगेटिव्हला जोडली आणि दुसरीला टेस्ट लॅम्प लावला.

गॅरेजमालक मला नंतर म्हणाले, "सर, मला वाटलं शेजारच्या वेल्डिंगवाल्याचं सिलिंडर फुटलं." तो डबा टेबलावरून सुटला तो सरळ पत्र्याच्या छताला जाऊन भिडला. पत्रा बाहेरच्या बाजूला थाळीएवढा फुगला. सगळीकडे पांढरी पूड उडालेली आणि पोरगा खाली बसलेला. डबा त्याच्या तोंडावर आला नाही, कारण सुई टेकवताना तो बॅटरीकडे बघायला बाजूला वळला होता. पण त्यामुळे उजवा कान नेमका टेबलाकडे होता. एअरबॅग फुटताना होणारा आवाज १६० डेसिबलच्या घरात जातो. पत्र्याच्या शेडमध्ये तो कसा घुमला असेल, कल्पना करा. कानाचा पडदा फाटला. तो पुढे भरून आला, पण त्या कानाचं ऐकणं काही पूर्ण परत आलं नाही.

मी भेटायला गेलो तेव्हा त्यानं कुठलीही तक्रार केली नाही. एवढंच म्हणाला, "सर, तुम्ही शिकवलं तसंच केलं होतं."

खरंच होतं ते. पालथं ठेवलं, टेस्ट लॅम्प लावला. दोन्ही धडे माझेच. तेव्हापासून मी या एअरबॅगच्या मागे लागलो. ती काढताना असं करा, तसं करू नका, अशा सूचना गाडीच्या दुरुस्ती पुस्तिकेत असतात. पण त्या तशाच का, हे तिथं लिहिलेलं नसतं. ते कळण्यासाठी इतिहासातच शिरावं लागलं.

त्या इतिहासाच्या पहिल्याच पानावर मी थबकलो. जॉन हेट्रिक नावाचे एक अमेरिकी अभियंते १९५२ च्या वसंत ऋतूत, एका रविवारी, पेनसिल्व्हेनियात बायको आणि सात वर्षांच्या मुलीला घेऊन फिरायला निघाले होते. मुलगी पुढच्या सीटवर दोघांच्या मध्ये. रस्त्यात अचानक दगड आला, हेट्रिकनी गाडी वळवली, ती खंदकात उतरली. ब्रेक मारताना नवरा-बायको दोघांचेही हात आपोआप मुलीच्या पुढे गेले, तिचं डोकं डॅशबोर्डवर आपटू नये म्हणून. कोणाला काही झालं नाही. पण हाताऐवजी दुसरं काहीतरी पुढे येऊ शकेल का, हा विचार हेट्रिकच्या डोक्यातून जाईना. आणि मग त्यांना नौदलातले दिवस आठवले. १९४४ मध्ये ते टॉर्पेडोंच्या, म्हणजे पाणतीरांच्या दुरुस्तीवर होते. हे पाणतीर दाबून भरलेल्या हवेवर चालत. एकदा काम चालू असताना चुकून ती हवा सुटली आणि पाणतीरावरचं कापडी आच्छादन क्षणात फुगून छताकडे उडालं.

म्हणजे एअरबॅगचा जन्मच मुळी दुरुस्तीच्या जागी, चुकून छताला गेलेल्या वस्तूतून झाला! कराडच्या त्या पत्र्याला बारा हजार किलोमीटरवर आणि साठएक वर्षं मागे असा एक भाऊ होता.

हेट्रिकनी ऑगस्ट १९५२ मध्ये अर्ज केला आणि वर्षभरानं, १८ ऑगस्ट १९५३ रोजी, त्यांना पेटंट मिळालं. जर्मनीत वॉल्टर लिंडरर यांनी त्यांच्याही आधी, ऑक्टोबर १९५१ मध्ये, जवळपास अशाच कल्पनेसाठी अर्ज केला होता. त्यांचं पेटंट नोव्हेंबर १९५३ मध्ये निघालं. लिंडररांच्या योजनेत पिशवी बंपरला धक्का बसल्यावर फुगणार होती किंवा ड्रायव्हरनं स्वतः ती सोडायची होती. समोर ट्रक आलेला असताना ड्रायव्हरनं शांतपणे खटका शोधायचा, अशी ती भाबडी अपेक्षा. हेट्रिकनी मोठ्या मोटार कंपन्यांना पत्रं लिहिली. कोणी दाद दिली नाही. पेटंटची मुदत संपेपर्यंत त्यांना त्यातून पैसाही मिळाला नाही.

दोघांचीही अडचण एकच होती. दाबलेली हवा फार हळू निघते. पापणी मिटून उघडायला सेकंदाचा दहावा भाग तरी लागतो. समोरासमोर धडक झाली तर ड्रायव्हरची छाती स्टिअरिंगवर आपटायला तेवढाही वेळ लागत नाही. धडक बसली हे ओळखायचं आणि सुमारे ६० लिटरची पिशवी भरून तयार ठेवायची, हे सगळं सेकंदाच्या विसाव्या भागात उरकायला हवं. नळीतून हवा सोडून हे होणार नव्हतं. त्यासाठी काहीतरी पेटवावंच लागणार होतं.

जपानमध्ये यासुझाबुरो कोबोरी यांनी १९६३ पासून या कल्पनेवर काम केलं, १४ देशांत पेटंटं घेतली, आणि आपलं काम कुठल्याही मोटारीत बसलेलं न बघता १९७५ मध्ये ते गेले. तिकडे अमेरिकेत ॲलन ब्रीड यांनी १९६० च्या दशकाच्या अखेरीस धडक ओळखण्याचा प्रश्न सोडवला, आणि तोही किती साधेपणानं! एका नळीत एक पोलादी गोळी, तिला मागच्या टोकाला लोहचुंबकानं धरून ठेवलेलं. गाडी ब्रेकनं थांबली, खड्ड्यात आदळली, तरी चुंबक गोळीला सोडत नाही. पण धडक बसली की गोळी चुंबकापासून सुटते, पुढे येते आणि विजेचं मंडळ पूर्ण करते. मला स्वतःला या सगळ्या इतिहासातली ही सर्वांत देखणी वस्तू वाटते. पोरांना शिकवायला काचेच्या नळीत एक करून ठेवली होती.

गोळीनं मंडळ पूर्ण केलं की पुढे काय पेटतं? तिथं येतं सोडियम अझाइड. मिठासारखी दिसणारी पांढरी पूड, तिच्या दाबून केलेल्या गोळ्या. सुमारे ३०० अंशांना ती फुटते आणि नायट्रोजन वायू निघतो, म्हणजे आपल्या श्वासातल्या हवेचा जो ७८ टक्के भाग आहे तोच. मागे सोडियम धातू उरतो, तो पाण्याशी भडकतो, म्हणून त्याला बांधून टाकायला पोटॅशियम नायट्रेट आणि सिलिका मिसळलेली असते. शेवटी काचेसारखा निरुपद्रवी गाळ राहतो. पण ही पूड न जळता राहिली तर? मग ती सायनाइडच्या जातीचं जालीम विष आहे. आम्ल लागलं तर विषारी आणि स्फोटक वायू सोडते. तांबं किंवा शिसं यांच्याशी संयोग झाला तर धक्क्यानं फुटणारे पदार्थ तयार होतात. म्हणजे फुगून गेलेली एअरबॅग गरीब, आणि न फुगलेली जहरी. भंगारवाल्यानं गाडी चेपण्याआधी एअरबॅग मुद्दाम उडवून टाकायची, हा नियम इथून आला. १९९० च्या दशकात कारखान्यांनी सोडियम अझाइड हळूहळू सोडून दुसरी रसायनं घेतली, त्यामागे हे विषाचं आणि विल्हेवाटीचं कारणही होतं.

पुढचा भाग अमेरिकी राजकारणाचा आहे. तो लांबलचक आहे आणि मला कंटाळवाणा वाटतो, म्हणून थोडक्यात सांगतो. जनरल मोटर्सनं १९७४ ते १९७६ या काळात एअरबॅग असलेल्या जेमतेम दहा हजार गाड्या विकल्या आणि नाद सोडला. त्याआधी एप्रिल १९७१ मध्ये फोर्ड कंपनीचे हेन्री फोर्ड दुसरे आणि ली आयकोका हे अध्यक्ष निक्सन यांना भेटून असले नियम आमच्यावर लादू नका म्हणून सांगून आले होते. निक्सन यांच्या कार्यालयातल्या त्या प्रसिद्ध ध्वनिफितींवर हेही संभाषण सापडतं. १९८१ मध्ये रेगन सरकारनं नियम मागे घेतला. १९८३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं, कारणं न देता असा नियम मागे घेता येणार नाही, असं ठणकावलं. दरम्यान १९८१ च्या सुमारास जर्मनीत मर्सिडीज-बेंझनं आपल्या सर्वांत महागड्या गाडीत स्टिअरिंगमधली एअरबॅग सीटबेल्टच्या जोडीला द्यायला सुरुवात केली होती. आणि १९८८ मध्ये, ज्यांचा इतका विरोध होता त्याच आयकोकांच्या क्रायस्लर कंपनीनं, एअरबॅग वेगळे पैसे न लावता देण्याचं जाहीर केलं. १२ मार्च १९९० रोजी व्हर्जिनिया राज्यात कलपेपर इथं क्रायस्लरच्या दोन लेबॅरन गाड्या समोरासमोर धडकल्या. दोन्ही गाड्यांत एअरबॅग होत्या. दोन्ही ड्रायव्हर किरकोळ जखमांवर वाचले. त्यानंतर वाद फारसा उरला नाही. १९९१ च्या कायद्यानं १९९८ च्या मॉडेलपासून अमेरिकेतल्या प्रत्येक मोटारीत पुढच्या दोन्ही जागांसाठी एअरबॅग सक्तीची झाली.

आता या सगळ्यात मेकॅनिक कुठे आहे? बनवणाऱ्यांपुढे एक विचित्र मागणी होती. ही वस्तू दहा-पंधरा वर्षं गप्प बसली पाहिजे, आणि बोलवल्यावर पहिल्याच हाकेला उठली पाहिजे. मोटारीतल्या बाकी प्रत्येक भागाची आपण चालवून परीक्षा घेतो. ब्रेक दाबून बघतो, दिवा लावून बघतो. ही एकच वस्तू अशी, की जी चालवून बघितली की संपली. एअरबॅग काढताना पाळायचे सगळे नियम या मागणीतून आले आहेत.

बॅटरीचं निगेटिव्ह टोक सोडवायचं आणि मग थांबायचं. गाडीप्रमाणे एखादं मिनिट, तीन मिनिटं, दहा मिनिटं. त्या गाडीच्या पुस्तिकेत लिहिलं असेल तेवढं. का थांबायचं? कारण बॅटरी बहुतेक गाड्यांत पुढे असते आणि समोरच्या धडकेत तीच आधी चेंगरते. वीज तुटल्यावर एअरबॅग उठलीच नाही तर काय उपयोग? म्हणून तिच्या नियंत्रकात कपॅसिटर बसवलेला असतो, थोडी वीज स्वतःजवळ साठवून ठेवणारा. बॅटरी सोडवली तरी हा साठा काही काळ जागा असतो. जो गुण अपघातात जीव वाचवतो, तोच गॅरेजात घाई करणाऱ्याला भोवतो. तरी अपवाद आहेतच. १९९० च्या आसपास काही गाड्यांत ब्रीड यांच्याच कल्पनेवरची, विजेशिवाय निव्वळ यांत्रिक पद्धतीनं उडणारी एअरबॅग होती. तिथं बॅटरी सोडवून काहीच होत नाही, तिचा वेगळा स्क्रू फिरवून ती निजवावी लागते. म्हणून ज्या त्या गाडीची पुस्तिका हाताशी असल्याखेरीज या कामाला हातच लावू नये. घरी तर नाहीच नाही.

पिवळा रंग हा इशारा आहे. पिवळा प्लग, पिवळं आवरण दिसलं की ही वीज दिव्याची किंवा हॉर्नची नव्हे, असं समजायचं. आणि माझ्या विद्यार्थ्यानं कापून टाकलेल्या त्या प्लगमध्येच त्याचा रखवालदार होता. अशा प्लगमध्ये धातूची एक लहान पट्टी असते. प्लग गाडीपासून सुटला की ती दोन्ही टोकं एकमेकांना जोडून टाकते, म्हणजे बाहेरची भरकटलेली वीज, अंगातली स्थिर वीजसुद्धा, आतल्या ठिणगीच्या तारेपर्यंत पोहोचत नाही. प्लग कापला, पट्टी गेली. हे वाचलं त्या दिवशी मी पुस्तक मिटून ठेवलं होतं.

राहिला टेस्ट लॅम्प. आतल्या त्या बारीक तारेचा विरोध सुमारे दोन ओहम. नेहमीच्या बनावटीत ०.४ अँपिअरपर्यंतच्या विजेनं ती पेटू नये आणि १.२ अँपिअर वीज दोन मिलिसेकंद मिळाली की हमखास पेटावी, असं ठरलेलं असतं. इंडिकेटरचा बल्ब २१ वॉटचा. बारा व्होल्टला तो पावणेदोन अँपिअर वीज ओढतो. मी आयटीआयमध्ये २७ वर्षं हा भागाकार फळ्यावर मांडत आलो होतो. मल्टिमीटरसुद्धा लावायचा नाही, कारण विरोध मोजायला तोही थोडी वीज सोडतोच. कारागीर एअरबॅगच्या जागी दोन ओहमचा साधा रेझिस्टर जोडून बाकीचं मंडळ तपासतात. हाच रेझिस्टर चोराच्याही कामाचा आहे बरं का. फुटलेल्या एअरबॅगच्या जागी रिकामी टोपी आणि मागे रेझिस्टर लावला की डॅशबोर्डवरचा दिवा विझतो, आणि जुनी गाडी घेणाऱ्याला वाटतं, सगळं ठीक आहे.

आणि उताणी ठेवायची, पालथी नाही. पिशवीला निघायला वर मोकळी जागा असली की ती हवेत फुगते, आणि डबा टेबलावरच राहतो. पालथी असली की पिशवी टेबलाला रेटते आणि डबाच तोफगोळ्यासारखा वर जातो. उचलून नेतानाही छातीशी धरायची नाही. कंपनीचं चिन्ह असलेली बाजू आपल्यापासून पलीकडे ठेवायची. स्टिअरिंगखाली घड्याळाच्या स्प्रिंगसारखी गुंडाळलेली एक पट्टी असते, चाक फिरलं तरी वीज पोहोचवणारी. चाकं सरळ न ठेवता स्टिअरिंग काढलं आणि ते फिरवत बसलं की ही पट्टी तुटते. पण त्यात काम करणाऱ्याचा जीव जात नाही.

जीव गेले ते वेगळ्या कारणानं. सुरुवातीच्या अमेरिकी एअरबॅग फार जोरकस होत्या. बेल्ट न लावलेल्या सरासरी अंगाच्या पुरुषाला थोपवायचं, या हिशेबानं त्या बनवल्या होत्या. १९९० च्या दशकात पुढच्या सीटवरची लहान मुलं आणि स्टिअरिंगला चिकटून बसणारी ठेंगणी माणसं किरकोळ धडकांत एअरबॅगच्या फटक्यानंच दगावली. १९९० ते २००८ या काळात अशा २९० च्या वर मृत्यूंची नोंद आहे. हेट्रिकच्या मनात ज्या मुलीमुळे ही कल्पना आली, तेवढ्याच वयाच्या मुलांना तिच्यापासून जपायची वेळ आली होती. मग जोर कमी केला, लहान मुलांना मागे बसवण्याची मोहीम निघाली. पुढे दोन टप्प्यांच्या एअरबॅग आल्या; धडक हलकी तर एकच टप्पा उडतो. पण त्यातून मेकॅनिक आणि अग्निशमन दलाच्या जवानांसाठी नवा धोका निघाला. लोंबकळणारी रिकामी पिशवी दिसते, माणूस निर्धास्त होतो, आणि आत दुसरा टप्पा अजून भरलेलाच असतो. म्हणून बचावकाम करणाऱ्यांना अंतरं पाठ करायला लावतात. बाजूच्या एअरबॅगपासून ५ इंच, ड्रायव्हरच्या १० इंच, शेजारच्या सीटच्या २० इंच. एवढ्या जागेत स्वतःचं अंग आणायचं नाही.

हे सगळं मान्य करूनही जमाखर्च सांगायला हवा. अमेरिकेच्या वाहतूक सुरक्षा खात्याच्या अंदाजानं १९८७ ते २०१७ या तीस वर्षांत पुढच्या एअरबॅगनी ५० हजारांवर माणसं वाचवली.

आणि मग आला तकाता कंपनीचा प्रकार. ही जपानी कंपनी १९३३ मध्ये विणकामाच्या धंद्यातून उभी राहिली, पुढे सीटबेल्ट आणि एअरबॅग बनवू लागली. २००० च्या सुमारास तिनं वायू तयार करायला अमोनियम नायट्रेट वापरायला घेतलं. स्वस्त आणि भरपूर वायू देणारं. पण दमट हवा आणि रोजचं तापणं-निवणं यांत त्याच्या गोळ्या वर्षानुवर्षांनी भुसभुशीत होतात. मग त्या जळायच्या त्यापेक्षा फार वेगानं जळतात आणि पोलादी डबाच फुटून त्याचे तुकडे ड्रायव्हरच्या मानेत, तोंडावर घुसतात. पहिली नोंद २००४ मध्ये अमेरिकेतल्या अलाबामातली. एकट्या अमेरिकेत २५ हून अधिक माणसं गेली. जानेवारी २०१७ मध्ये कंपनीनं गुन्हा कबूल करून १०० कोटी डॉलर भरायचं मान्य केलं आणि जूनमध्ये दिवाळं काढलं. जगभरातून सुमारे १० कोटी डबे परत बोलवले गेले. बसवा म्हणून वीस-तीस वर्षं भांडण झालं, आणि आता काढण्यासाठी तेवढीच धावपळ. अमेरिकेत आधी बोलवल्या त्या फ्लोरिडा, हवाई अशा उष्ण-दमट भागांतल्या गाड्या. आपल्याकडे होंडानंही या कारणासाठी वेगवेगळ्या वेळी गाड्या परत बोलवल्या. रत्नागिरी-मालवणकडे समुद्राकाठी वर्षानुवर्षं उभी असलेली जुनी गाडी कोणाकडे असेल, तर कंपनीच्या संकेतस्थळावर चासीचा नंबर टाकून एकदा बघावं. बदलून देतात ते फुकट देतात.

आपल्या देशात १ जुलै २०१९ पासून प्रत्येक नव्या मोटारीत ड्रायव्हरसाठी एअरबॅग सक्तीची झाली. शेजारच्या सीटसाठी नव्या मॉडेलना १ एप्रिल २०२१ आणि आधीपासून विकल्या जाणाऱ्यांना त्या वर्षअखेरची मुदत होती. फार चांगलं झालं, उशिरा झालं. २०२१ मध्येच जुन्या गाड्या मोडीत काढणाऱ्या नोंदणीकृत केंद्रांचे नियमही आले. आता हिशेब करा. २०१९ ची गाडी २०३४ मध्ये पंधरा वर्षांची होईल. तिथून पुढे दरवर्षी लाखो गाड्या मोडीत जातील आणि बहुतेकींत न उडालेला एक तरी डबा असेल. परदेशात गाडी चेपण्याआधी तिच्याच तपासणीच्या सॉकेटमधून सगळ्या एअरबॅग एकदम उडवता याव्यात, यासाठी आयएसओचं २६०२१ क्रमांकाचं मानक आहे. सुटा डबा वाहतुकीला द्यायचा तर तो संयुक्त राष्ट्रांच्या यादीत ३२६८ क्रमांकाचा धोकादायक माल ठरतो. आणि आपल्याकडचा भंगारवाला? तो तांब्याच्या वायरीसाठी स्टिअरिंग घणानं फोडतो, आणि बारा वर्षांचं पोर बाजूला बसून वायरी सोलत असतं. नोंदणीकृत केंद्रात जाणाऱ्या गाड्यांची मला तेवढी काळजी नाही. जी गाडी तिथपर्यंत जाणारच नाही, तिची आहे.

तो फुटलेला डबा मी गॅरेजमालकांकडून मागून आणला होता. निवृत्त होईपर्यंत तो माझ्या वर्गात टेबलावर असायचा, फडक्यावर, उताणा. पहिल्या आठवड्यातले माझे दोन धडे मी पुढेही शिकवत राहिलो, कारण नव्वद टक्के गाडीला ते अजून लागू आहेत. फक्त त्यानंतर तो डबा मुलांच्या हातात द्यायचो आणि तो कोणाच्या हातून आणि कोणाच्या शिकवण्यानं उडाला, ते सांगायचो.

विद्यार्थ्यानं आता स्वतःचं ऑटो इलेक्ट्रिकचं दुकान टाकलं आहे, दोन हेल्पर आहेत. गेल्या उन्हाळ्यात मी गेलो तेव्हा नेमकी एअरबॅगचा दिवा लागलेली गाडी आली होती. त्यानं पुस्तिका उघडून बघितली. बॅटरीचं निगेटिव्ह सोडवलं, त्यावर फडकं गुंडाळलं आणि हेल्परला म्हणाला, "जा, सरांना चहा सांग." पुस्तिकेत तीन मिनिटं लिहिली होती. चहा यायला पंधरा लागली. तोवर गाडीला कोणी हात लावला नाही. मी त्याच्या डाव्या बाजूला बसलो होतो. उजव्या बाजूला बसलं की मला दोनदा बोलावं लागतं.